चार महाविद्यालयांचं शैक्षणिक साहित्य एकत्र ठेवायचं आहे : ड्राइव्ह, मूडल की डीस्पेस?

वाचनकक्ष

नमस्कार. आमच्या तालुक्यातली चार महाविद्यालयं एकाच विद्यापीठाशी संलग्न आहेत. अभ्यासक्रम एकच, तरी प्रत्येक ठिकाणी त्याच नोट्स आणि त्याच प्रात्यक्षिक पुस्तिका नव्याने टाइप होतात. हे साहित्य एकत्र ठेवायचं असं प्राचार्यांच्या बैठकीत ठरलं आहे. त्यात नोट्स आणि पीपीटी, विज्ञानाच्या प्रात्यक्षिक पुस्तिका, बहुपर्यायी प्रश्नपेढ्या, एम. ए. चे लघुप्रबंध आणि १९७० नंतरचे वार्षिकांक आहेत. वार्षिकांकांचे नुसते स्कॅन आहेत. बहुतेक मजकूर मराठीत, आणि त्यातला बराच श्रीलिपी किंवा कृतिदेव या जुन्या फाँटमध्ये टाइप केलेला.

सध्या सगळं एका प्राध्यापकांच्या वैयक्तिक जीमेलच्या ड्राइव्हवर आहे आणि लिंका व्हॉट्सॲपवर फिरतात. कोणी मूडल (ऑनलाइन कोर्स आणि चाचण्या चालवण्याचं सॉफ्टवेअर) घ्या म्हणतं, कोणी डीस्पेस (रिपॉझिटरी, म्हणजे कायमचा डिजिटल संग्रह, चालवण्याचं सॉफ्टवेअर). सर्व्हर बघायला पूर्णवेळ माणूस नाही. संगणक विभागातले एक सहायक आठवड्यातून काही तास देऊ शकतील. मराठी शब्द टाकून शोधलं तर सापडलं पाहिजे, ही ग्रंथालयाची मुख्य अट आहे. काय निवडावं, आणि त्याआधी काय उरकून घ्यावं?

दप्तरदार

सॉफ्टवेअरचं नंतर. आधी ती वैयक्तिक ड्राइव्ह रिकामी करा. 'माय ड्राइव्ह'मधलं फोल्डर कितीही जणांना शेअर केलं, तरी त्यातली प्रत्येक फाइल ती टाकणाऱ्या खात्याच्याच मालकीची राहते. ते खातं बंद झालं किंवा मालकाने आवराआवर करताना फाइल काढून टाकली, की चारही महाविद्यालयांकडच्या लिंका मेल्या. शिवाय त्या फोल्डरमध्ये इतरांनी टाकलेल्या फाइलींचे मालक ते इतर. म्हणजे तुमच्या संग्रहाला आज एक मालक नाही, बरेच आहेत, आणि त्यांतले काही बदलून किंवा निवृत्त होऊन गेलेले असतील.

चारपैकी एका जरी महाविद्यालयाकडे गूगल वर्कस्पेस फॉर एज्युकेशन असेल (मूळ आवृत्ती मान्यताप्राप्त संस्थांना विनाशुल्क मिळते), तर त्यात 'शेअर्ड ड्राइव्ह' उघडा. तिथली फाइल व्यक्तीची नसते, संस्थेची असते. दुसऱ्या महाविद्यालयांतल्या लोकांना सदस्य करता येतं, पण त्यासाठी ॲडमिन कन्सोलमध्ये संस्थेबाहेर शेअर करण्याची परवानगी चालू असावी लागते. आमंत्रण गेलं तरी समोरच्याला ड्राइव्ह दिसत नाही, अशी तक्रार आली तर पहिल्यांदा हीच खूण तपासा. प्राध्यापकांना 'काँट्रिब्युटर' भूमिका द्या: भर घालता येते, दुरुस्ती करता येते, काढून टाकता येत नाही. 'मॅनेजर' दोनच ठेवा आणि ते दोन वेगळ्या महाविद्यालयांतले असू द्या.

जुन्या फाइली हलवण्याचं काम ज्याच्या त्याच्या खात्यातून झालं तर उत्तम. तसं जमलं नाही तर कॉपी करावी लागते, पण कॉपीला नवी लिंक मिळते आणि आधीच्या आवृत्त्यांचा इतिहास मागे राहतो. व्हॉट्सॲपवरच्या जुन्या लिंका तेव्हा निकामी होतील, हे आधीच कळवा.

ड्राइव्ह ही मसुद्याची जागा आहे. नोट्स लिहिणं, एकमेकांच्या पुस्तिका दुरुस्त करणं यासाठी ती चांगली. विद्यार्थ्यांना घटकानुसार देणं आणि चाचणी घेणं हे मूडलचं काम. पूर्ण झालेला, तारीख-लेखक ठरलेला, वीस वर्षांनी कोणी संदर्भ दिला तरी जागेवर सापडायला हवा असा मजकूर रिपॉझिटरीत जातो. ही तिन्ही कामं एकाच व्यासपीठावर लादली, की काही महिन्यांत 'अंतिम', 'अंतिम नवी', 'अंतिम नवी २' अशा फाइली साचतात आणि खरी कोणती ते कोणालाच सांगता येत नाही.

व्यासपीठ कोणतंही घ्या, नोंदवही एकच आणि आत्ताच सुरू करा. साध्या स्प्रेडशीटमध्ये दर फाइलला एक ओळ: शीर्षक मराठीत, शीर्षक इंग्रजीत, लेखक, महाविद्यालय, विषय, पेपरचा संकेतांक, सत्र, अभ्यासक्रम लागू झाल्याचं वर्ष, साहित्यप्रकार, भाषा, परवाना, फाइलचं नाव, आणि संपादन करता येणारी मूळ फाइल उपलब्ध आहे का. अभ्यासक्रमाचं वर्ष हा रकाना लोक गाळतात आणि तोच सगळ्यात जास्त नडतो. नव्या शैक्षणिक धोरणाच्या फेररचनेत पेपरचं नाव तेच पण श्रेयांक आणि घटक वेगळे, असं ठिकठिकाणी झालं आहे. वर्ष नसेल तर विद्यार्थी जुन्या अभ्यासक्रमाच्या नोट्स वाचून परीक्षेला बसेल.

नोंदवही सीएसव्ही (स्वल्पविरामांनी रकाने तोडलेली साधी मजकूर फाइल) करताना सांभाळा. युटीएफ-८ या अक्षर-संकेतनात साठवलेली फाइल एक्सेलमध्ये दोनदा क्लिक करून उघडली तर देवनागरीच्या जागी चिन्हांचा कचरा दिसू शकतो, आणि तशीच सेव्ह केली तर तो कायमचा होतो. एक्सेलमध्ये 'डेटा' मेनूतून मजकूर आयात करा आणि ६५००१ युटीएफ-८ हा पर्याय निवडा, किंवा सरळ लिब्रेऑफिस वापरा; ते उघडतानाच विचारतं.

पोर्ट_८०८०

दप्तरदारांशी सहमत. आता रिपॉझिटरीचं बोलतो. आठवड्याला काही तास देणाऱ्या एका माणसाच्या भरवशावर स्वतःचं डीस्पेस चालवू नका. सॉफ्टवेअर उत्तम आहे. एमआयटी आणि एचपी यांनी २००२ साली ते आणलं आणि इन्फ्लिबनेटचं शोधगंगाही (देशभरातल्या प्रबंधांचा संग्रह) त्यावरच उभं आहे. पण २०२१ च्या सातव्या आवृत्तीपासून त्याचे दोन वेगळे भाग झाले. मागे सर्व्हरवर जावा, डेटाबेससाठी पोस्टग्रेएसक्यूएल आणि शोधासाठी सोलर. पुढे वाचकाला दिसणारं, नोडवर चालणारं अँग्युलरचं पान. चारही गोष्टी अद्ययावत ठेवायच्या, त्यांच्या आवृत्त्या एकमेकींशी जुळवायच्या. ८ जीबीपेक्षा कमी रॅमवर ते रडतखडत चालतं. त्यात हल्ली एआयसाठी मजकूर गोळा करणारे बॉट शोधपानांवर तुटून पडतात. विषय-लेखक-वर्ष यांच्या प्रत्येक जोडीची वेगळी लिंक असल्यामुळे त्यांना अंत सापडत नाही आणि सर्व्हर गुदमरतो. शोधपानं बॉटना बंद करणं आणि एका पत्त्यावरून येणाऱ्या विनंत्यांवर मर्यादा घालणं, हे कोणीतरी सतत बघावं लागतं.

बॅकअपमध्येही फसगत होते. नुसता डेटाबेस उतरवून घेतला तर हाती फक्त नोंदी येतात. खऱ्या फाइली 'असेटस्टोअर' फोल्डरमध्ये असतात. दोन्हींचा बॅकअप एकाच वेळचा हवा. सोलरचा शोध-निर्देशांक पुन्हा बांधता येतो, पण किती वेळा पाहिलं-उतरवलं ही आकडेवारी फक्त सोलरमध्येच असते, ती वेगळी काढावी लागते. आणि कायमच्या लिंकचा उपसर्ग: डीस्पेस बसवल्यावर तो १२३४५६७८९ असा नमुन्यादाखल दिलेला असतो. स्वतःचा उपसर्ग हँडल या कायमच्या लिंका देणाऱ्या व्यवस्थेकडे नोंदवून शुल्क भरल्याशिवाय त्या लिंका कायमच्या नसतात. कितीतरी संस्थांच्या रिपॉझिटरी अजून त्याच नमुना आकड्यावर चालल्या आहेत. सर्व्हरचा पत्ता बदलला की त्यांचे सगळे संदर्भ तुटणार.

म्हणून दोनच रस्ते. पहिला: विद्यापीठाच्या ग्रंथालयाचं डीस्पेस चालू असेल तर त्यांच्याकडे जागा मागा. डीस्पेसमध्ये 'कम्युनिटी', तिच्या पोटात 'कलेक्शन', त्यात एकेक 'आयटम' अशी उतरंड असते. तुमच्या गटाला एक कम्युनिटी आणि तिच्यात साहित्यप्रकारानुसार कलेक्शन मागा, महाविद्यालयांनुसार नको. वाचणारा पुस्तिका शोधत येतो, महाविद्यालय नव्हे. ते नोंदीतल्या रकान्यात राहील. एकगठ्ठा भरताना सीएसव्हीने फक्त माहिती जाते, फाइली जात नाहीत. फाइलींसाठी दर आयटमचं एक फोल्डर, त्यात डब्लिन कोअर या नोंद-मानकातली एक्सएमएल फाइल, 'कंटेंट्स' नावाची यादी आणि पीडीएफ, अशी रचना तयार करावी लागते. फाइलींची नावं रोमन अक्षरांत आणि मोकळी जागा न सोडता द्या. देवनागरी शीर्षक नोंदीत असतंच. आयात करताना 'मॅपफाइल' तयार होते ती जपून ठेवा. ती असेल तर अर्धवट राहिलेली आयात पुढे नेता येते किंवा पूर्ण मागे घेता येते. ती हरवून पुन्हा आयात चालवली तर प्रत्येक नोंद दोनदा दिसेल आणि निस्तरायला हाताने बसावं लागेल.

दुसरा रस्ता झेनोडो. सर्न (युरोपातली भौतिकशास्त्राची प्रयोगशाळा) आणि ओपनएअर (खुल्या संशोधनाचा युरोपीय प्रकल्प) यांनी २०१३ साली सुरू केलेली ही साहित्य साठवण्याची सेवा विनाशुल्क आहे. एका नोंदीत ५० जीबीपर्यंत आणि १०० फाइलींपर्यंत जागा मिळते आणि प्रत्येक नोंदीला डीओआय (कायमचा ओळख-क्रमांक) मिळतो. चार महाविद्यालयांच्या नावाने एक 'कम्युनिटी' करा. कोणीही प्राध्यापक तिथे नोंद सुचवतो, तुम्ही नेमलेले ग्रंथपाल तपासून स्वीकारतात. पुस्तिका सुधारली की नवी आवृत्ती चढवायची. प्रत्येक आवृत्तीला वेगळा डीओआय मिळतो आणि सगळ्यांचा मिळून एक सामायिक डीओआय असतो, जो नेहमी ताज्या आवृत्तीकडे नेतो. विद्यार्थ्यांना तो सामायिकच द्या. एकदा प्रसिद्ध केलेली नोंद नंतर मनात आलं म्हणून सहसा काढता येत नाही, म्हणून हक्क स्पष्ट नसलेलं काहीही तिथे चढवू नका. तुमच्या परिस्थितीत माझं मत झेनोडोला.

काना_मात्रा

ग्रंथालयाची मुख्य अट कुठलंच व्यासपीठ आपोआप पूर्ण करणार नाही, कारण बिघाड फाइलींमध्ये आहे. एक तपासणी करा. प्रत्येक पीडीएफमधून 'विद्यार्थी' हा शब्द कॉपी करून नोटपॅडमध्ये टाका. ऱ्हस्व वेलांटी, जोडाक्षर आणि रफार तिन्ही त्यात आहेत. जसाच्या तसा उतरला तर फाइल शोधण्याजोगी आहे. इंग्रजी अक्षरं आणि चिन्हं उतरली तर ती जुन्या फाँटमधली आहे. काहीच कॉपी झालं नाही तर नुसतं चित्र आहे. चौथा प्रकार फसवा: उतरतं मराठीच, पण वेलांटी भलत्या अक्षरावर जाते किंवा रफार गळतो. फाइल युनिकोडमध्येच (सगळ्या संगणकांना समान अशा अक्षर-संकेतांत) लिहिलेली असते. पीडीएफ करताना अक्षरांच्या आकारांवरून मूळ अक्षरांकडे परत जाण्याची सारणी नीट भरली गेलेली नसते. अशा वेळी वर्डमधून पुन्हा पीडीएफ करा, 'प्रिंट टू पीडीएफ' ऐवजी 'सेव्ह ॲज' वापरून पाहा, लिब्रेऑफिसमधून काढून पाहा, आणि काहीही झालं तरी मूळ डॉक्स फाइल सोबत ठेवा. दुसऱ्या महाविद्यालयाला पुस्तिकेत चार ओळी बदलायच्या असतील तर त्यांना तीच लागणार आहे.

श्रीलिपी-कृतिदेवचं रूपांतर करताना पहिली चूक होते ती एकच परिवर्तक सगळ्यांना लावण्याची. या फाँटमध्ये इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी अक्षरांचे तुकडे बसवलेले असतात आणि कोणत्या जागी कोणता तुकडा हे फाँटगणिक, कधी आवृत्तीगणिकही बदलतं. वर्डमध्ये मजकूर निवडून फाँटचं पूर्ण नाव आणि त्यापुढचा आकडा बघा, त्याच नावाचा परिवर्तक लावा. दुसरी अडचण मिश्र मजकुराची. विज्ञानाच्या पुस्तिकेत मराठी वाक्यात 'पीएच', 'एनएओएच' असे शब्द रोमन लिपीत असतात. पूर्ण परिच्छेद परिवर्तकात टाकला तर त्या सूत्रांचंही देवनागरीत काहीतरी विचित्र होतं. म्हणून वर्डच्या 'शोधा आणि बदला'मध्ये फाँटची अट घालून आधी रोमन मजकूर रंगवून घ्या, रूपांतर फक्त उरलेल्याचं करा. मुद्रितशोधन करताना सगळा मजकूर वाचायला वेळ नसेल तर ऱ्हस्व वेलांटी, रफार, आणि 'श', 'ध' यांची जोडाक्षरं एवढं नक्की वाचा. जुन्या फाँटमध्ये वेलांटी अक्षराच्या आधी टाइप होते आणि रफार नंतर, युनिकोडमध्ये उलट. त्यामुळे चुका तिथेच गोळा होतात.

आता युनिकोड मजकुरातलं न दिसणारं दुखणं. 'ॲ' तीन तऱ्हांनी टाइप होतो: मराठीसाठी २००८ साली युनिकोड ५.१ मध्ये आलेलं स्वतंत्र अक्षर, 'अ' वर चंद्र देऊन केलेलं, आणि हिंदी कळफलकावरून येणारं 'ऍ'. पहिली दोन पडद्यावर एकसारखी दिसतात, संगणकाला मात्र वेगळी आहेत, आणि युनिकोडचं एनएफसी प्रमाणीकरणसुद्धा त्यांना एक करत नाही. 'ॲसिड' शोधणाऱ्याला दुसऱ्या तऱ्हेने लिहिलेली प्रात्यक्षिकं सापडणारच नाहीत. हेच 'दऱ्या', 'वाऱ्या'मधल्या अर्ध्या 'ऱ'चं. काही कळफलक 'र', हलन्त आणि न दिसणारा जोडक अशी मालिका देतात. नोंदवहीतल्या शीर्षक आणि कीवर्डच्या रकान्यांत तरी एकच रूप ठरवा आणि चढवण्याआधी शोधा-बदला चालवून ते सक्तीने आणा. कीवर्डमध्ये पारिभाषिक शब्दाची दोन्ही रूपं द्या: 'आम्ल' आणि 'ॲसिड', 'मागणीची लवचिकता' आणि त्याचं इंग्रजी नाव. मराठी माध्यमाचा विद्यार्थी दोन्हींनी शोधतो.

प्रश्नपेढी

प्रश्नपेढ्यांबद्दल थोडक्यात. त्या पीडीएफ म्हणून ठेवू नका. मूडलमध्ये घ्या आणि महाविद्यालयांमध्ये देवाणघेवाण 'मूडल एक्सएमएल'मध्ये करा. 'गिफ्ट' ही रचना नोटपॅडमध्ये लिहायला सोपी, पण तिच्यात आकृत्या येत नाहीत. एक्सएमएलमध्ये चित्र फाइलीतच गुंडाळून येतं. भूमिती, सर्किट, वनस्पतींच्या आकृत्या असतील तर दुसरा पर्याय नाही. पूर्ण कोर्स द्यायचा असेल तर एमबीझेड बॅकअप घ्या, पण घेताना 'नोंदणीकृत वापरकर्ते' ही खूण काढा. नाही तर तुमच्या विद्यार्थ्यांची नावं, ईमेल आणि गुण दुसऱ्या महाविद्यालयात पोचतील. जुन्या मूडलचा बॅकअप नव्यावर चालतो, नव्याचा जुन्यावर चालेलच असं नाही, तेव्हा चौघांनी आवृत्ती एकच ठेवा. ५.० पासून प्रश्नपेढीची मांडणी बदलली आहे, म्हणून ती ओलांडताना आधी चाचणी सर्व्हरवर करून बघा.

काना_मात्रा यांचा 'ॲ' इथेही छळतो. 'लघुत्तरी' प्रकारात मूडल अक्षरं जुळवून बघतं. विद्यार्थ्याने वेगळ्या तऱ्हेचा 'ॲ' टाइप केला तर बरोबर उत्तराला शून्य. स्वीकारार्ह उत्तरांत सगळी रूपं घाला, किंवा मराठीसाठी बहुपर्यायीच ठेवा.

वाचनकक्ष

सगळ्यांचे मनापासून आभार. झेनोडो आणि शेअर्ड ड्राइव्ह हे बैठकीत मांडतो. दोन गोष्टी अजून विचारायच्या आहेत. नोट्सना कोणता परवाना लावावा? काही प्राध्यापक 'विनाव्यापार' हवाच म्हणतात. आणि वार्षिकांकांतल्या विद्यार्थ्यांच्या कथा-कवितांचं काय? बहुतेकांचा पत्ता नाही.

कलम_बावन्न

परवान्याआधी मालकी. नोकरीच्या कामाचा भाग म्हणून केलेल्या लेखनाची पहिली मालकी, वेगळा करार नसेल तर, भारतीय कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणे नोकरी देणाऱ्याकडे जाऊ शकते. प्राध्यापकांच्या नोट्स त्यात मोडतात का, यावर भांडत बसण्यापेक्षा एका पानाचं संमतिपत्र करा. लेखक आणि संस्था दोघांच्या सह्या, साहित्याचं नाव, परवान्याचं पूर्ण नाव, तारीख. ते स्कॅन करून नोंदवहीत जोडा.

परवाना क्रिएटिव्ह कॉमन्स ४.० मधला घ्या. माझी शिफारस 'सीसी बाय' (श्रेय देऊन कसंही वापरा) किंवा 'सीसी बाय-एसए' (श्रेय द्या आणि बदललेलं साहित्यही त्याच परवान्याने द्या). 'विनाव्यापार' अट लावली की दोन अडचणी येतात. विद्यार्थ्यांच्या झेरॉक्स दुकानदाराने पुस्तिका छापून विकणं चालेल का, इथपासून शंका सुरू होतात. आणि 'एसए' परवान्याचं साहित्य, उदाहरणार्थ मराठी विकिपीडियावरचा मजकूर, तुम्हाला आपल्या पुस्तिकेत मिसळता येत नाही, कारण त्या मिश्रणाला 'एसए'च लावावा लागतो. 'बदल नकोत' ही अट तर या कामात मुळीच नको; दुसऱ्या महाविद्यालयाला पुस्तिका सुधारताच येणार नाही. आणि एकदा दिलेला परवाना परत घेता येत नाही, हे सही घेण्याआधी सांगा.

नोट्समध्ये प्रकाशित पुस्तकांतली पानं, आकृत्या घुसलेल्या असतात. शिकवण्याच्या ओघात शिक्षक-विद्यार्थ्यांनी प्रती काढायला कलम ५२(१)(आय) मुभा देतं. दिल्ली विद्यापीठाच्या झेरॉक्स खटल्यात दिल्ली उच्च न्यायालयाने २०१६ साली तिचा अर्थ बराच उदार लावला. पण ती मुभा वर्गापुरती आहे. तेच पान खुल्या परवान्याखाली जगासमोर ठेवायला ती पुरत नाही. असा मजकूर मूडलच्या बंद कोर्समध्ये ठेवा, खुल्या आवृत्तीतून काढा किंवा आकृती नव्याने काढून घ्या. एन-लिस्ट या महाविद्यालयांसाठीच्या ई-नियतकालिक सेवेवरून उतरवलेले लेख तर सामायिक ड्राइव्हवर कधीच नकोत. करार संस्थेनिहाय असतो आणि प्रकाशकाने प्रवेश बंद केला तर तो पूर्ण महाविद्यालयाचा होतो. लेखाची डीओआय लिंक द्या.

वार्षिकांकांचं: लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क टिकतो, म्हणजे १९७० नंतरचं जवळपास सगळंच हक्काखाली आहे. खुलं करू नका. जतनासाठी स्कॅन करा, ग्रंथालयातल्या संगणकांवर वाचायला द्या. कलम ५२(१)(एन) अव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयाला आपल्याकडच्या छापील प्रतीची इलेक्ट्रॉनिक प्रत जतनासाठी ठेवू देतं. महाविद्यालयीन ग्रंथालय त्यात बसतं का यावर वाद होऊ शकतो, म्हणूनही बाहेर ठेवणं टाळावं. अनुक्रमणिका मात्र बिनधास्त खुली करा: लेखक, शीर्षक, वर्ष, पान. माजी विद्यार्थी आपलं नाव शोधत येतात, तेव्हा त्यांच्याकडून संमतिपत्र घेऊन तेवढी कथा खुली करता येते. लघुप्रबंधांत फोन नंबर, मुलाखत दिलेल्यांची नावं आणि प्रश्नावल्यांच्या भरलेल्या प्रती असतात; ती पानं चढवण्याआधी काढा.

काना_मात्रा

वार्षिकांकांच्या स्कॅनसाठी: ३०० डीपीआय, करड्या छटांत, शुद्ध काळ्या-पांढऱ्यात नको, त्यात अनुस्वार आणि चंद्र पुसले जातात. 'ओसीआरमायपीडीएफ' हे मुक्त साधन टेसरॅक्ट या अक्षर ओळखणाऱ्या सॉफ्टवेअरच्या मदतीने स्कॅनच्या मागे मजकुराचा थर घालतं. भाषा देताना मराठी आणि इंग्रजी दोन्ही द्या, पान सरळ करण्याचा पर्याय चालू ठेवा. दोन रकान्यांची पानं कधी एका ओळीत वाचली जातात, तेव्हा प्रत्येक अंकातली दोन-तीन पानं कॉपी करून क्रम बघा. हस्तलिखित शीर्षकं आणि सुलेखनातल्या कविता वाचल्या जात नाहीत. त्यांची शीर्षकं अनुक्रमणिकेत हातानेच भरावी लागतील, आणि तीच शोधली जातात.